कॅप्टन जेम्स ग्रँट डफ : चरित्र व कार्य

ज्या परकी अधिकाऱ्याने मराठ्यांचे राज्य लयास नेण्याच्या कामी हातभार लाविला, त्याचे चरित्र आपल्या ज्ञातीच्या स्मरणिकेत कशासाठी, असा प्रश्न हे पान उघडणाऱ्या कित्येक ज्ञातिबंधूंच्या व भगिनींच्या मनात उभा राहील. तो रास्तही आहे. या स्मरणिकेत आपण आजवर आपल्या ज्ञातीतील कर्तबगार पुरुषांची चरित्रे वाचीत आलो. मग कंपनी सरकारच्या फौजेतील एका स्कॉटिश कप्तानाचा येथे काय संबंध? आमचे उत्तर असे की, संबंध आहे आणि तो निकटचा आहे. या कप्तानाने मराठ्यांचा जो इतिहास लिहिला, तो ज्या कागदांवरून लिहिला त्यांतील पुष्कळसे कागद आपल्यासारख्या लेखणी चालविणाऱ्या घराण्यांनी जपून ठेविलेले होते. त्या इतिहासात जे दोष राहिले, तेही पुढे अशाच घराण्यांच्या दप्तरांतून निघालेल्या कागदांनी उघडकीस आणले. त्याचे गुण आणि त्याचे दोष या दोहोंतही आपल्या घरांतील रुमालांचा वाटा आहे. हा विषय आम्ही निवडला तो याच कारणाने.

बालपण व हिंदुस्थानात आगमन

जेम्स ग्रँट याचा जन्म ८ जुलै १७८९ रोजी स्कॉटलंडच्या ईशान्येकडील बॅन्फ या गावी झाला. तो दहा वर्षांचा होतो न होतो तोच त्याचे पितृछत्र हरपले. आईने मुलांना घेऊन अ‍ॅबर्डीन गाठले आणि तेथील शाळेत व मॅरिशल कॉलेजात त्याचे शिक्षण झाले. त्याला कंपनीच्या मुलकी नोकरीत धाडावे असा विचार होता. परंतु ती जागा मिळण्यास विलंब लागणार असे दिसताच त्याने वाट पाहण्याचे नाकारले आणि लष्करी उमेदवारी पत्करून १८०५ साली मुंबईचे गलबत धरले. त्या वेळी त्याचे वय अवघे सोळा वर्षांचे होते. आपल्याकडे सोळा वर्षांचा मुलगा परगावी शिकावयास निघाला तरी घरातील वडीलधारी मंडळी वेशीपर्यंत पोहोचवावयास जात असत. हा मुलगा तर सहा महिन्यांच्या समुद्रप्रवासाच्या वाटेला लागला होता, आणि पुन्हा आईचे दर्शन होईल की नाही याचीही शाश्वती नव्हती.

१८०७ साली तो मुंबईच्या ग्रेनेडिअर पलटणीत दाखल झाला. काठेवाडातील मालिया या तटबंदीच्या ठाण्यावर जो हल्ला झाला, त्यात एका तुकडीचे नेतृत्व या पोरसवदा अंमलदाराकडे होते. त्या चकमकीत त्याच्या तुकडीतील बहुतेक माणसे कापली गेली. परंतु त्याच्या धैर्याची वरिष्ठांनी नोंद घेतली. लवकरच तो पलटणीचा अ‍ॅजुटंट झाला आणि फारसी दुभाष्याचे कामही त्याच्याकडे आले. पलटणीत त्याचा दर्जा लहान असला तरी शब्दाला वजन मोठे होते. त्याच्या पुढील आयुष्याची दिशा या फारसीने ठरविली, असे म्हणण्यास हरकत नाही. तलवार चालविणारे अंमलदार कंपनीपाशी पुष्कळ होते. परंतु देशी दरबारचे कागद वाचून त्यांतील मर्म उकलणारे विरळाच.

पुणे दरबार व पेशवाईचा अस्त

त्या काळी पुण्यास माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टन हा रेसिडेंट होता. माणसे पारखण्यात त्याचा हातखंडा असे. ग्रँट अद्यापि लेफ्टनंट होता, तेव्हाच एल्फिन्स्टनची दृष्टी त्याच्यावर गेली आणि त्याने त्याला आपल्या हाताखाली घेतले. पुढील सर्व आयुष्यात ग्रँटने एल्फिन्स्टनला गुरुस्थानी मानले. पुढे स्वतःच्या वडील मुलाचे नावही त्याने माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टन असेच ठेविले. हा मुलगा १८८१ ते १८८६ या काळात मद्रासचा गव्हर्नर होता.

५ नोव्हेंबर १८१७ रोजी खडकीची लढाई झाली आणि संगमावरील रेसिडेन्सी पेशव्यांच्या फौजेने जाळली. १७ नोव्हेंबरला पुणे पडले. पुढे कोरेगाव, आष्टी, बापू गोखल्यांचा रणांगणी अंत आणि अखेर जून १८१८ मध्ये दुसऱ्या बाजीरावाची शरणागती, हा क्रम आपणांस पाठ आहे. त्याची उजळणी करताना आजही आपले अंतःकरण जड होते. या सर्व धामधुमीत ग्रँट हा कधी घोड्यावर, तर कधी पत्रव्यवहाराच्या मेजावर, असा दोन्ही कामे करीत होता. याच काळात तो कॅप्टन झाला.

आष्टीच्या लढाईत, फेब्रुवारी १८१८ मध्ये, छत्रपती प्रतापसिंह महाराज व त्यांची मातोश्री ही मंडळी इंग्रजांच्या हाती आली. त्यापूर्वी ती पेशव्यांच्या छावणीबरोबर जवळजवळ कैदेतच फिरत होती. पेशवाई बुडवावी, परंतु मराठा लोकांचे मन अगदीच दुखवू नये, असे इंग्रजांचे धोरण होते. म्हणून साताऱ्याची गादी पुन्हा उभी करण्याचा बेत ठरला आणि १० एप्रिल १८१८ रोजी महाराजांना गादीवर बसविण्यात आले. या गादीशेजारी इंग्रजांचा माणूस म्हणून कॅप्टन ग्रँटची नेमणूक झाली. त्याचे वय त्या वेळी अठ्ठावीस वर्षांचे होते.

साताऱ्यातील कारभार

त्या काळच्या साताऱ्याचे चित्र डोळ्यांसमोर आणावे. अजिंक्यताऱ्याच्या पायथ्याशी वसलेले गाव, भोवताली नुकतीच शस्त्रे खाली ठेविलेली माणसे, रोजगार तुटलेले शिलेदार आणि आपल्या इनामांचे पुढे काय होणार या चिंतेने व्याकुळ झालेले वतनदार. अशा मुलखात ग्रँटपाशी एक युरोपियन सोबती आणि देशी पायदळाची एक तुकडी एवढाच काय तो जामानिमा होता. एवढ्या बळावर मुलूख दबून राहिला, हे केवळ शस्त्राच्या धाकाने झाले नाही. पाटील, कुलकर्णी, पंचायत ही जुनी व्यवस्था शक्यतो मोडू नये, असे एल्फिन्स्टनचे सांगणे होते आणि ग्रँटने ते कसोशीने पाळले. जे लोक नव्या अंमलाला भीत होते, त्यांना निदान गावचावडी तरी ओळखीची राहिली.

२५ सप्टेंबर १८१९ रोजी महाराजांशी तह झाला. त्यात महाराजांच्या राज्याच्या सीमा ठरल्या आणि त्याबरोबरच कंपनीच्या परवानगीवाचून कोणाशी पत्रव्यवहार करू नये अशी कठोर अटही घातली गेली. ही अट आपण विसरू नये, कारण पुढे हीच अट महाराजांच्या गळ्याचा फास झाली. तहाप्रमाणे काही काळ सर्व कारभार ग्रँटने महाराजांच्या नावे चालवावयाचा होता आणि महाराज कारभारात तयार झाले म्हणजे तो त्यांच्या स्वाधीन करावयाचा होता. १८२० साली भोरचे पंत सचिव, औंधचे पंत प्रतिनिधी, फलटणचे निंबाळकर, जतचे डफळे, अक्कलकोटचे भोसले व वाईचे शेख मिरा यांच्याशी करार होऊन त्यांच्या जहागिरी कायम झाल्या.

प्रतापसिंह महाराज ग्रँटहून चार वर्षांनी लहान होते. ज्या राजपुत्राने आपले तारुण्य कैदेसारख्या स्थितीत घालविले, त्याला हिशेब, जमाबंदी, न्याय यांची माहिती कोणी व कधी करून द्यावी? ग्रँटने हे काम अंगावर घेतले. महाराज स्वतः कष्टाळू होते; कागद आपल्या हाताने पाहात, टिपणे ठेवीत. त्यांची रोजनिशी याची साक्ष आहे. ५ एप्रिल १८२२ रोजी राज्यकारभाराची सर्व सूत्रे महाराजांच्या हाती देण्यात आली. त्यानंतर त्यांनी साताऱ्यास पाठशाळा, छापखाना, रस्ते, पाण्याची सोय अशी जी कामे केली, ती सातारकरांच्या स्मरणात आजही आहेत.

येथे एक गोष्ट न्यायाने सांगितली पाहिजे. ग्रँट हा कंपनीचा चाकर होता आणि कंपनीचे हित हेच त्याचे पहिले कर्तव्य होते. त्याने महाराजांना शिकविले ते त्यांना स्वतंत्र करण्यासाठी नव्हे. तरीपण जे शिकविले ते मनापासून शिकविले, आणि दिलेला शब्द पाळून कारभार स्वाधीन केला. पुढे १८३९ साली महाराजांवर बनावट आरोप रचून त्यांना पदच्युत करण्यात आले व काशीस पाठविण्यात आले, तेव्हा ग्रँट साताऱ्यात नव्हता. तो हिंदुस्थान सोडून गेल्याला सोळा वर्षे लोटली होती. महाराजांनी १८४७ साली काशीसच देह ठेविला. त्यांची दाद मागण्यासाठी विलायतेस जाऊन तेरा-चौदा वर्षे झगडणारे रंगो बापूजी गुप्ते आणि १८५७ साली साताऱ्यास फासावर गेलेले त्यांचे चिरंजीव सीताराम यांची नावे आपल्या ज्ञातीत ठाऊक नाहीत असे घर नसेल. त्यांची कथा स्वतंत्र लेखाची धनी आहे. तिला येथे नुसता नमस्कार करून आम्ही पुढे जातो.

इतिहासलेखनाचा उद्योग

दिवसभर कचेरीचे काम आणि रात्री दिव्यापाशी जुने कागद, असा ग्रँटचा साताऱ्यातील क्रम होता. मराठ्यांचा इतिहास लिहावा हे त्याच्या मनाने घेतले आणि एल्फिन्स्टनने त्याला उत्तेजन दिले. यापूर्वी स्कॉट वेअरिंग नावाच्या अंमलदाराने १८१० साली असा एक प्रयत्न केला होता. परंतु त्याच्या हाती साधने फारच थोडी आली होती. ग्रँटचे भाग्य असे की, पेशवाईचे दप्तर पुण्यास कंपनीच्या ताब्यात आलेले होते आणि साताऱ्याच्या राजवाड्यातील कागद दाखविण्यास महाराज राजी होते. सुरत व मुंबई येथील वखारींचे जुने जमाखर्च व पत्रे त्याने पाहिली. गोव्याच्या पोर्तुगीज सरकारने आपल्या दप्तरातील उतारे त्याला पुरविले. फारसी तवारिखा त्याला वाचता येतच होत्या. कृष्णाजी अनंत सभासदाची बखर त्याच्या हाती आली. सरदार, इनामदार, देवस्थाने यांच्यापाशी असलेले कागदही त्याने मागवून पाहिले.

आणि येथेच आपला संबंध येतो. बाळाजी आवजींच्या कुळातील मल्हार रामराव चिटणीस यांनी एकोणिसाव्या शतकाच्या आरंभी साताऱ्याच्या छत्रपतींच्या आज्ञेवरून शिवछत्रपतींचे चरित्र व राजनीतीवरील ग्रंथ लिहिले होते. हे लिहिताना त्यांच्यापुढे घरचे दप्तर होते. शिवाजी महाराजांचा पत्रव्यवहार ज्या बाळाजी आवजींनी लिहिला आणि संभाजी, राजाराम व शाहू या तिन्ही छत्रपतींची सेवा ज्या खंडो बल्लाळांनी केली, त्यांच्या वंशजांच्या घरात राज्याची स्मृती कागदरूपाने शिल्लक असणे स्वाभाविकच होते. चिटणिसांच्या बखरीचा ग्रँटने भरपूर उपयोग केला. परक्याच्या ग्रंथात आपल्या घरच्या लेखणीची शाई मिसळली आहे ती अशी.

ग्रंथाच्या प्रस्तावनेत ग्रँटने आपल्या श्रमांविषयी लिहिले आहे. एका काळी तो रोज १२ ते १४ तास अखंड काम करीत असे आणि त्याचा परिणाम म्हणून त्याला मस्तकशूळाची व्यथा जडली. प्रकृती इतकी ढासळली की १८२३ च्या आरंभी त्याला सातारा सोडून मायदेशी परतावे लागले. त्याच्या जागी जॉन ब्रिग्ज आला. हाच फेरिश्त्याच्या फारसी इतिहासाचे भाषांतर करणारा विद्वान होय. मायदेशी गेल्यावर ग्रँटने लेखन पुरे केले. १८२५ च्या सुमारास आईकडील ईडन येथील मिळकत त्याच्याकडे आली, तेव्हा त्याने आपल्या नावापुढे डफ हे मातुल घराण्याचे नाव जोडले. त्याच साली हिंदुस्थानातील औषधींवर ग्रंथ लिहिणारे वैद्य सर व्हाइटलॉ एन्स्ली यांच्या कन्येशी त्याचा विवाह झाला.

ग्रंथ छापण्याच्या वेळी एक गोष्ट घडली ती मनोरंजक आहे. मरे नावाच्या प्रसिद्ध प्रकाशकाने त्याला सुचविले की मराठे कोण हे आमच्या लोकांना ठाऊक नाही, तेव्हा मोगलांचा ऱ्हास व इंग्रजांचा उदय अशा अर्थाचे नाव द्यावे म्हणजे पुस्तक खपेल. ग्रँट डफने ते साफ नाकारले. आपण मराठ्यांचा इतिहास लिहिला आहे, तेव्हा नावही तेच राहील, असा त्याचा आग्रह. शेवटी १८२६ साली लंडनच्या लाँगमन मंडळीकडून तीन खंडांत तो ग्रंथ निघाला आणि ग्रंथकर्त्याच्या पदरास मोठी खोट आली. खप व्हावा म्हणून ग्रंथाचे नाव बदलण्यास जो तयार झाला नाही, त्याच्याविषयी, तो आपल्या विरुद्ध पक्षाचा असूनही, आम्हास आदर वाटतो.

टीका व तिचे फळ

१८३० च्या सुमारास कॅप्टन डेव्हिड केपन याने बाबा साने यांच्या साहाय्याने या ग्रंथाचे मराठी भाषांतर प्रसिद्ध केले. ‘मराठ्यांची बखर’ या नावाने ते शाळांतून कित्येक पिढ्यांनी वाचले. आपल्या पणजोबांनी आपल्याच पूर्वजांचा इतिहास पहिल्याने वाचला तो एका इंग्रज कप्तानाच्या ग्रंथाच्या भाषांतरातून! ही गोष्ट बोचणारी होती, आणि ती पहिल्याने बोचली एका विद्यार्थ्याला. नीळकंठ जनार्दन कीर्तने यांनी कॉलेजात शिकत असताना पुण्याच्या तरुण मंडळीच्या सभेपुढे ग्रँट डफच्या ग्रंथावर निबंध वाचला आणि १८६८ साली तो प्रसिद्ध झाला. लढाया, मोहिमा आणि तह यांच्यापलीकडे हा ग्रंथकार जात नाही. लोक कसे होते, राज्यव्यवस्था कशी होती, ही राष्ट्रशक्ती कोठून उत्पन्न झाली, हे तो सांगत नाही, असा त्यांच्या टीकेचा रोख होता. हाती सत्ता नाही, पैसा नाही, दप्तरखान्यात शिरकाव नाही, अशा स्थितीत एका विद्यार्थ्याने मान्यता पावलेल्या ग्रंथावर सप्रमाण टीका करावी, हे धाडस लहान नव्हते. मराठी इतिहाससंशोधनाचा पाया तेथे पडला.

मराठ्यांचा उदय हा सह्याद्रीच्या वाळलेल्या गवतात अकस्मात भडकलेल्या वणव्यासारखा होता, अशा अर्थाची उपमा ग्रँट डफने योजिली होती. न्यायमूर्ती रानडे यांनी १९०० साली प्रसिद्ध झालेल्या आपल्या ग्रंथात तिचा समाचार घेतला. वणवा पेटतो आणि विझतो. मराठ्यांची सत्ता दीड शतक टिकली, तिच्या मुळाशी संतांनी व सामान्य लोकांनी तयार केलेली भूमी होती, असे त्यांनी दाखविले. त्याच सुमारास, १८९८ साली, वि. का. राजवाडे यांनी ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’ या मालेचा पहिला खंड काढला. वाईस एका जुन्या वाड्यात सापडलेली पत्रे त्यात होती, आणि पानिपतापर्यंतच्या काळावर त्यांनी असा प्रकाश पडला की ग्रँट डफची कित्येक विधाने डळमळीत झाली.

दोषांची दोन उदाहरणे देतो, म्हणजे आमचे म्हणणे स्पष्ट होईल. अफझलखान प्रकरणात पंताजी गोपीनाथ हा खानाचा वकील होता व महाराजांनी त्याला वश करून घेतले, असे ग्रँट डफ लिहितो. सभासदाच्या बखरीप्रमाणे खानाचा वकील कृष्णाजी भास्कर होता आणि पंताजी गोपीनाथ हा महाराजांकडचा हेजीब. एवढ्या एका फरकाने साऱ्या प्रसंगाचा रंग पालटतो. आपल्या धन्याचे काम निष्ठेने करणारा पंताजी या ग्रंथात मात्र खानाचे अन्न खाऊन फितूर झालेला ठरतो. एका वकिलाच्या नावाची अदलाबदल झाली आणि एका घराण्यावर पिढ्यान्‌पिढ्या डाग राहिला.

दुसरे उदाहरण शिवजन्माचे. ग्रँट डफने महाराजांचा जन्म मे १६२७ मध्ये झाल्याचे लिहिले आणि ते साल पुष्कळ काळ शाळांतून शिकविले गेले. पुढे मावळातील कारीच्या जेधे देशमुखांच्या घरी एक शकावली मिळाली. तीत शके १५५१, फाल्गुन वद्य तृतीया ही तिथी होती, म्हणजे १९ फेब्रुवारी १६३०. लोकमान्य टिळकांनी १९१६ साली ती शकावली प्रसिद्ध केली. त्यावर दीर्घ वाद झाला, इतर साधनांशी ताडून पाहण्यात आले, आणि आज महाराष्ट्र शासनाची शिवजयंती त्याच तारखेस होते. मोठ्या कोणा दप्तरखान्यातून हे सत्य निघाले नाही. एका देशमुखाच्या घरच्या जुन्या वहीतून ते निघाले. ती वही त्या घराने रद्दी म्हणून टाकली असती, तर काय झाले असते?

ग्रँट डफने काम झाल्यावर मराठी कागद जाळून टाकले, अशी एक वदंता जुन्या मंडळींच्या तोंडून ऐकू येते. तिला पुरावा नाही आणि आम्ही ती खरी मानीत नाही. ज्याने तळटिपांतून ठिकठिकाणी आपल्या साधनांचा निर्देश केला आणि महत्त्वाच्या कागदांच्या नकला मुंबईच्या लिटररी सोसायटीत ठेविल्याचे नमूद केले, तो मनुष्य कागद जाळणारा नव्हे. मात्र त्या नकला पुढे शोधणाऱ्यांच्या हाती लागल्या नाहीत, हेही खरे. परक्याने जाळले म्हणून त्याला दोष देणे सोपे असते. परंतु कागद नाहीसे होतात ते बहुधा आगीने नव्हे, अनास्थेने.

अखेर

ईडन येथे ग्रँट डफने पुढील तीसहून अधिक वर्षे जमीनसुधारणेत व गृहसौख्यात घालविली. हिंदुस्थानात तो पुन्हा आला नाही. २३ सप्टेंबर १८५८ रोजी त्याचा अंत झाला. ज्या कंपनीची चाकरी त्याने सोळाव्या वर्षी पत्करली होती, तिचे राज्यही त्याच साली संपले. त्याच्या ग्रंथाच्या आवृत्त्या मात्र निघत राहिल्या. १९२१ साली एडवर्ड्‌सने ती संपादून ऑक्सफर्डहून प्रसिद्ध केली. आज त्याच्या निष्कर्षांवर कोणी विसंबत नाही. परंतु मराठ्यांच्या इतिहासाचा अभ्यासक त्याला ओलांडून जाऊ शकत नाही, हेही तितकेच खरे.

ग्रँट डफविषयी आमचा निर्णय विचाराल तर तो असा : परपक्षाचा असूनही परिश्रमी आणि कागदापुढे नम्र. त्याची दृष्टी जेत्याची होती. आपल्या संतांचे, आपल्या भाषेचे, आपल्या माणसांच्या मनाचे मर्म त्याला कळले नाही. हे उणे आहे आणि ते सांगितलेच पाहिजे. परंतु आपण स्वतः ते काम करण्यास चाळीस वर्षे उशीर लाविला, हे सांगण्याचे धैर्यही आपल्या अंगी असावे.

आपल्या घरचे रुमाल

काही वर्षांपूर्वी आम्ही एका वृद्ध ज्ञातिबंधूंच्या जुन्या वाड्यात गेलो होतो. त्यांच्या घराण्यात पूर्वी चिटणिशी होती, असे ऐकले होते. काकांनी अगत्याने बसवून घेतले, पोहे दिले. कागदांची गोष्ट काढली तेव्हा ते थोडा वेळ गप्प राहिले. मग म्हणाले, “माळ्यावर सात रुमाल होते. वडील असेपर्यंत दसऱ्याला उघडून ऊन दाखवीत. आम्हांला मोडी येईना. वाळवी लागली, घरात लहान मुले. मग विधिपूर्वक नदीत सोडले. फेकले नाहीत हो, सोडले.” शेवटचे शब्द उच्चारताना त्यांचा आवाज कापत होता. आम्ही त्यांना काय बोल लावणार? त्यांनी कागदांना देवाच्या निर्माल्याइतका मान दिला होता. परंतु सात रुमालांत काय होते, हे आता कोणालाही कधीच कळणार नाही. परत निघताना काकूंनी देवघरातून एक लहानसा कागद आणून आमच्या हाती ठेविला. तो पोथीच्या बासनात राहून गेला होता. एका गावच्या कुलकर्णी वतनाविषयीचे ते पत्र होते; शिक्का अर्धा पुसलेला. सात रुमालांपैकी तेवढेच शिल्लक.

म्हणून ज्ञातिबंधूंना व भगिनींना आमची हात जोडून विनंती आहे. आपल्या घरात माळ्यावर, पेटाऱ्यात, देवघराच्या फडताळात मोडी कागद असतील तर ते टाकू नका, नदीत सोडू नका, रद्दीत घालू नका. वाचता येत नाहीत म्हणून ते निरुपयोगी ठरत नाहीत. भारत इतिहास संशोधक मंडळ १९१० सालापासून पुण्यात हेच काम करीत आले आहे. तेथील जाणत्यांना दाखवा. कागद घराबाहेर देण्यास मन घेत नसेल तर त्यांची छायाचित्रे काढून ठेवा; हल्ली ते प्रत्येकाच्या खिशातील दूरध्वनीने होते. घरातील एखाद्या तरुण मुलाला अगर मुलीला मोडी शिकण्यास उत्तेजन द्या. आपल्या संस्थेने या कामी एक लहानशी समिती नेमावी, अशी सूचना आम्ही या लेखाच्या द्वारे कार्यकारी मंडळापुढे नम्रपणे ठेवितो. कोणत्या घरी किती रुमाल आहेत, एवढी यादी जरी पुढील वर्षीच्या स्मरणिकेपर्यंत तयार झाली, तरी या लेखाचे श्रम सार्थकी लागतील.

स्कॉटलंडहून आलेला एक तरुण परक्या भाषेतील कागद डोके दुखत असताना रात्र रात्र वाचीत बसला. आपले तर ते घरचे कागद आहेत, आपल्या आज्या-पणज्यांच्या हातचे. ते निदान उघडून उन्हाला दाखविण्याइतके कष्ट आपण घ्यावेत, एवढेच आमचे मागणे आहे.